मामूंचा मेलेला कॅमेरा

खरं सांगा, समोर कॅमेरा आला की तुम्ही पोट आत घेता की नाही?

घेता. मीही घेते. कुणापुढे मान झुकवणार नाही असं पत्रकात छापून वाटणारी मी, पण कॅमेरा दिसला की आधी ओढणी सारखी करते. पुढारी हात जोडतो, नवरदेव छाती काढतो, मास्तर एरवी झोडपलेल्या पोराला जवळ घेतो. या खोटेपणाविरुद्ध मोर्चा निघालेला मी पाहिला नाही. एकट्यानं लढणारा एक माणूस मात्र पाहिला. आखाडा बाळापुरात त्यांचं फोटो आणि शूटिंगचं दुकान होतं. सगळे त्यांना मामू म्हणत. खरं नाव लिहीत नाही, कारण स्वतःचं नाव कुठंही आलेलं त्यांना खपत नसे. दुकानाला पाटीसुद्धा नव्हती. विचारलं तर म्हणायचे, "ज्याला यायचं त्याला मालूम हाय."

या दुकानात "हसा" म्हणायला बंदी होती. पासपोर्ट फोटोसाठी आलेल्या माणसाला मामू स्टुलावर बसवायचे आणि स्वतः पेपर उघडायचे. माणूस आधी ताठ बसे, मग अवघडे, मग "मामू, काढा की" म्हणे, आणि शेवटी कंटाळून दारासमोर बसलेल्या म्हशीकडे बघत राही. त्या क्षणी खट्! फोटो इतका खरा यायचा की कुठल्याच कचेरीत चालायचा नाही. भरतीच्या फॉर्मवर कान खाजवणारा उमेदवार मी या डोळ्यांनी पाहिलाय.

"मामू, फॉर्म वापस आला."

"येऊ दे. तू तर बराबर आला ना फोटोत?"

तरी लोक जायचे. एक तर मामू चहा पाजायचे, आणि दुसरं म्हणजे फोटो परत काढून द्यायला कधी नाही म्हणायचे नाहीत. दुसरा फोटोही तसाच यायचा, ही गोष्ट वेगळी.

माझी त्यांची ओळख भांडणातून झाली. माझे वडील हमालांच्या संघटनेत होते. आमच्या घरी उरलेल्या पत्रकांच्या कोऱ्या बाजूवर अभ्यास व्हायचा, त्यामुळे मला बाराखडीच्या आधी उद्गारचिन्ह आलं. पुढे मी भाषणं करायला लागले. तहसीलवर हमालांचा मोर्चा नेला तेव्हा शूटिंग मामूंना दिलं. संघटनेची माणसं जमवून आम्ही ते पाहायला बसलो, तर पडद्यावर मी नव्हतेच. माझा आवाज होता, "उठा, जागे व्हा!", आणि पडद्यावर तिसऱ्या रांगेतला एक हमाल जांभई देत होता. साधीसुधी जांभई नाही. सुरू होऊन, रुंदावत, डोळ्यांत पाणी आणून, हातानं तोंड पुसेपर्यंतची अख्खी जांभई. त्याच्या शेजारचा त्याच्याकडे बघून जांभई द्यायला लागला, मग त्याच्या पलीकडचा. मामूंचा कॅमेरा जांभईच्या मागे मागे रांगेभर फिरला. बघणारी सगळी संघटना आडवी पडून हसत होती, आणि ज्याची पहिली जांभई तो सगळ्यात जास्त.

"मामू, ही माझी क्रांती आहे!" मी ओरडले.

"व्हय लीडर. तिच्यातच आली ना ही जांभई. मी बाहेरून कुठं आणली?"

त्या दिवसापासून मी त्यांच्यासाठी लीडर झाले. मी सहा महिने त्यांच्याशी बोलले नाही. मग बोलायला गेले, कारण एवढं चिडवून सोडणारा माणूस तालुक्यात दुसरा नव्हता.

पोट भरायला ते लग्नाचं शूटिंग करायचे, म्हणजे त्यांना बोलावणाऱ्यांचं नशीब खोटं असायचं. आहेर करणारे पाहुणे पाकीट अर्धवट पुढे करून, मान वळवून, कॅमेऱ्याची वाट बघत उभे राहायचे, आणि मामू मांडवामागे रुसलेल्या जावयाची समजूत घरचे कशी काढतात ते टिपत असायचे. एका लग्नात त्यांनी अंतरपाट टिपला, पण धरणाऱ्या माणसाच्या बाजूनं. मंगलाष्टकं लांबली तसा तो हात बदलतोय, भटजीकडे आशेनं बघतोय, "शुभमंगल" म्हटलं की सुटलो असं वाटून हात खाली घेतोय आणि पुन्हा वर करतोय. नवरदेवाचा बाप दुकानात येऊन गरजला, "माझ्या पोराचं लग्न कुठं हाय ह्याच्यात?"

"सारं तेच तर हाय," मामू म्हणाले.

त्याच लग्नात नवरदेवाची आत्या बराच वेळ चप्पल शोधताना दिसते. काही दिवसांनी तेच घर पुन्हा दुकानात आलं. चप्पल नवरीकडच्या एका पाहुणीनं घातली असा आळ होता, दोन्हीकडं तोंडं फिरली होती, आणि आता सगळ्यांना ते शूटिंग बारकाईनं बघायचं होतं. मामूंनी कॅमेरा कपाटात ठेवला आणि किल्ली खिशात टाकली.

"कॅमेरा साक्षीला येत न्हाई. मी काय ठाणेदार हाय? लोकं मला चुलीपर्यंत येऊ देतात. उद्या मी त्यांच्यावर साक्ष द्यायला लागलो तर दारात तरी उभं करतील का?"

मोठी रक्कम देऊ केली तरी ते हलले नाहीत. शेवटी नवी चप्पल त्यांनीच घेऊन दिली. त्या चपलेच्या दुकानातलं शूटिंगही आहे. आत्या कितीतरी जोड घालून बघते आणि पहिलाच घेते.

लग्नातून सुटले की मामूंचं खरं काम सुरू व्हायचं. ते बघत बसायचे. पिठाची गिरणी, केस कापायचं दुकान, बैलबाजार, शाळेमागची भिंत. कुणाला काही सांगायचं नाही, विचारायचं नाही, पुन्हा करून दाखवा म्हणायचं नाही. एक म्हातारी त्यांना म्हणाली होती, "काहून काढून राहिला रे बाबा? टीव्हीवर येणार का?"

"न्हाई मावशी."

"मग? आमी तर रोज हेच करतो."

"तेच बघून राहिलो."

पण माणसं पोट आत घेतात, त्याचं काय? यावर मामूंचा इलाज होता. त्यांच्याकडे दोन कॅमेरे होते. जिता कॅमेरा तळहातात मावेल एवढा. मेलेला मात्र कॅसेटच्या जमान्यातला, खांद्यावर घ्यायचा, तोफेएवढा. आतलं सगळं केव्हाच जळून गेलेलं. नव्या जागी मामू आधी मेलेला घेऊन जायचे. तीन पायांच्या तिकाटण्यावर उभा करायचे, डोळा लावायचे, दिवसच्या दिवस. पोरं समोर येऊन नाचायची, नाचून नाचून दमायची. तरणी पोरं भांग पाडून चार वेळा समोरून जायची. हळूहळू सगळ्यांना वीट यायचा. एखाद्या दिवशी कुणीतरी त्या कॅमेऱ्यावर टॉवेल वाळत घालायचं. मग मामू खूश होऊन म्हणायचे, "मुरलं!" लोणच्यासारखं. दुसऱ्या दिवशी जिता कॅमेरा यायचा, आणि त्याच्याकडे कुणी ढुंकूनही बघायचं नाही.

जमलेलं ते बाजाराच्या दिवशी दुकानातच दाखवायचे, मागच्या भिंतीवर चादर लावून. 'दळण' दाखवलं तेव्हा मी होते. गिरणीत डब्यांची रांग आहे, माणसं बोलतायत, पट्टा फिरतोय. बराच वेळ एवढंच. अचानक प्रेक्षकांतली एक बाई उठली. "थांबवा! माझा डबा मागं कुणी सारला ते दिसलं मला!" जिनं सारला होता ती तिच्या शेजारीच भुईमुगाच्या शेंगा खात बसलेली. मग जे झालं ते पडद्यावरच्यापेक्षा भारी होतं. मामू मात्र नेहमीसारखे पडद्याकडे पाठ करून, लोकांकडे तोंड करून बसले होते. स्वतःचं शूटिंग त्यांनी कधी लोकांबरोबर पाहिलं नाही. ते लोकांना बघायचे.

"आता झाली ना साक्ष?" मी टोचलं.

"मी कुठं दिली? त्यांनी बघितलं."

आता गाडीचं सांगते.

कळमनुरीकडून बाळापूरकडे येताना आमच्या गावचा फाटा लागतो. एका शिक्षणसंस्थेच्या कॉलेजची गाडी तिथून जायची. संस्थेचं नाव लिहिलं तर या लेखाचं पत्रक होईल, आणि मला एकदा तरी पत्रक न लिहून बघायचंय. गाडीवर मोठ्या अक्षरांत रंगवलेलं होतं: मुलींना मोफत प्रवास. पण ड्रायव्हर आधीच्या गावांतून पैसे देणारी माणसं भरून घ्यायचा. आमच्या फाट्याला आला की काचेतून हाताचा पंजा मागं फिरवायचा. या खुणेचा अर्थ अख्ख्या रस्त्याला ठाऊक आहे: मागून दुसरी येऊन राहिली. मागून दुसरी कधीच आली नाही. मागून ट्रॅक्टर यायचा.

आमच्या शेजारची कोमल अकरावीला होती. वडील पुण्याकडे कामाला, घरचा कारभार चुलत्याच्या हातात. चुलत्यानं सांगून टाकलं होतं, "सोयाबीन घरात येईपर्यंत बघतो. तवर गाडीचं जमलं तर शीक. न्हाईतर नाव काढून आणतो. पाहुणे विचारून राहिले." तालुक्याच्या जीपनं जायला पैसे मागितले तर म्हणे, गाडी फुकट असताना पैसे काहून?

मी संस्थेच्या साहेबांकडे गेले. साहेब फार गोड बोलले. "ताई, गाडी थांबते. पोरीच उशिरा येतात. पुरावा असेल तर आणा." कोमलनं चुलत भावाचा मोबाइल मागून आणून चित्रण केलं. त्यात हललेला रस्ता आणि गाडीची पाठ. साहेबांनी ते दोनदा पाहिलं. "गाडी दिसते आहे. थांबली नाही हे कुठं दिसतंय? थांबून निघाल्यावर काढलं असेल."

मी तडक मामूंकडे गेले. "मामू, पुरावा पाहिजे."

"बाहेर हो."

"मामू, पोरीची शाळा सुटेल."

"तर मोर्चा काढ. मी जांभई काढतो."

मी उंबऱ्यापर्यंत गेले आणि वळून म्हणाले, "बरं, पुरावा राहू द्या. फाट्यावर रोज पोरी वाट बघत असतात, ते तरी बघा. गाडी येईपर्यंत बघतात, आणि निघून गेल्यावरसुद्धा थोडा वेळ बघतात."

मामूंनी पेपर खाली घेतला. "गेल्यावर काहून?"

"मला काय माहीत?"

"चल," मामू म्हणाले.

आणि अर्थातच मेलेला कॅमेरा घेऊन आले. आधी मुरवायला नको? चहाच्या टपरीशेजारी तिकाटणं उभं राहिलं, मामूंनी डोळा लावला. गाडी आली, हळू झाली आणि थांबली. ड्रायव्हरनं स्वतः उतरून दार उघडलं. "या ताई, या. सावकाश. दप्तर सांभाळा." पैसे देऊन बसलेल्या दोघांना उठवून त्यानं पोरींना जागा दिली. पोरी इतक्या दचकल्या की आधी कुणी चढेचना.

दुसऱ्या दिवशीही थांबली. तिसऱ्या दिवशी ड्रायव्हर इस्त्रीचा शर्ट आणि काळा चष्मा घालून आला. "मामू, कोणत्या चॅनलला लागणार?"

मामू संतापानं लाल झाले. तिकाटण्यामागून बाहेर येऊन त्यांनी ड्रायव्हरपुढे हात जोडले. "दादा, मेहरबानी करा. तुमी रोज जसं करता तसंच करा. थांबू नका!"

"मामू!" आतून पोरी किंचाळल्या. "गप बसा ना!"

"मी तर रोजच थांबतो," ड्रायव्हर कॅमेऱ्याकडे बघून म्हणाला.

"झूट! सरळ निघून जा ना, जसा जातो तसा!"

"मामू, चाचण्या हायत आज!" कोमल खिडकीतून ओरडली. "तुमाला खरं बघायचं असंल तर रविवारी बघा!"

मामू माझ्याकडे वळले. "बिघडवला मी त्याला. असा माणूस मुरत नसतो, लीडर. हा तर रोज जास्त नटून राहिला." मी म्हटलं, मग टपरीआड लपून काढा. त्यावर ते माझ्यावरच घसरले. "लपून बघतो तो चोर. मी चोर न्हाई." आणि कॅमेरा उचलून निघून गेले. दुसऱ्या दिवशी तोफ दिसली नाही, आणि ड्रायव्हरचा पंजा पुन्हा मागं फिरला.

शिवारात सोयाबीनची काढणी लागली. चुलता आता मोटारसायकल घेऊन सकाळी फाट्यावर येऊन थांबायला लागला. गाडी गेली की गाडी सुरू करायचा, आपली.

अशा एका सकाळी मामू आले. जिता कॅमेरा गुडघ्यावर ठेवून, सगळ्यांना दिसेल असे टपरीपुढच्या दगडावर बसले. लपले नाहीत. पण ड्रायव्हरचे डोळे तोफ शोधत होते, आणि तोफ नव्हती. पंजा फिरला, गाडी गेली. पोरी तशाच उभ्या राहिल्या. सगळ्यांच्या माना गाडी जिकडून आली तिकडे वळलेल्या. न जाणो, मागून एखादे दिवशी खरंच दुसरी येत असेल. ट्रॅक्टर आला. मग चुलता म्हणाला, "झालं का? बस मागं." कोमलनं दप्तर मांडीवर घेतलं आणि ती बसली.

दुपारी आम्ही ते दुकानात बघितलं. कोमल हट्टानं माझ्यासोबत आली होती. पोरींच्या माना वळल्या तिथं मामू उठले आणि उगीच पंखा पुसायला लागले.

"मिळाला!" मी टाळी वाजवली. "आता साहेबांच्या तोंडावर मारते! पत्रक काढते, कचेरीवर..."

"ताई," कोमल म्हणाली, "तू हे दाखवशील. साहेब चौकशी लावतील. तू मोर्चा काढशील. तवर आमची मळणी व्हईल. मला पुरावा नको, मला गाडी पायजे." मग तिनं कोपऱ्याकडे बोट केलं. "मामू, ते मेलेलं देता का?"

"कशाला?"

"फाट्यावर उभं करायला."

"माझा कॅमेरा बुजगावणं हाय का?" मामू इतक्या जोरात ओरडले की दारातली म्हैस उठली. "सारी जिंदगी मी हेच केलं, का माझ्या कॅमेऱ्यानं कुणी बदलू नये! आन तू म्हणते त्याला भीती दाखवायला उभा कर? हे झूट हाय. हे तर त्या पुढाऱ्यांचं काम झालं!"

"व्हय, झूट हाय," कोमल म्हणाली. "आन तो पंजा फिरवतो ते?"

मामू चहा प्यायला निघून गेले आणि आम्ही जाईपर्यंत परतले नाहीत.

सकाळी फाट्यावर गेले तर ते आधीच तिथं. तिकाटण्याचे पाय त्यांनी तेलाच्या डब्यांत माती ठोकून घट्ट केले होते, वरून खताच्या रिकाम्या पिशवीचा रेनकोट घातला होता. माझ्याकडे न बघता त्यांनी कोमलला सांगितलं, "माझं नाव घ्यायचं न्हाई. कुणी विचारलं तर भंगारातून आणला म्हण. आन एक ऐक. नुसता उभा करून चालत न्हाई. मागं बघणारं माणूस पायजे. न्हाईतर हे डबडं हाय."

मग पोरींनी पाळ्या लावल्या. एकीनं एक डोळा मिटून मागं उभं राहायचं, गाडी थांबली की सगळ्यांत शेवटी चढायचं. ड्रायव्हर थांबत राहिला. सोयाबीन घरात आलं, कोमलचं नाव कॉलेजात राहिलं. एकदा बाकीच्या पोरी सकाळच्या जीपनं परीक्षेला गेल्या आणि गाडीला हात करायला कोमल एकटीच उरली, तेव्हा कॅमेऱ्यामागं तिनं चुलत्यालाच उभं केलं.

"ह्याच्यात तर कायच दिसंना," चुलता डोळा बारीक करून म्हणाला.

"तुमाला दिसायला नको काका. तुमी त्याला दिसा."

इस्त्रीचा शर्ट गेला. चष्मा गेला. "या ताई"ही गेलं. ड्रायव्हर पोरींवर नेहमीच्या माणसासारखा खेकसायला लागला, "चढा लवकर, काय मुहूर्त बघून राहिल्या का?" आणि एक दिवस टपरीवाल्या काकूंच्या शेळीनं तिकाटणं पाडलं. मी ते मामूंना हसत सांगायला गेले.

"कॅमेरा पडला व्हता?"

"आडवा."

"मागं कुणी न्हाई?"

"शेळी होती."

"आन गाडी?"

"थांबली की. तो खेकसला, पोरी चढल्या, गेली."

मामू ताडकन उठले. "मुरला!" ते दोन्ही हात वर करून ओरडले. "अगं लीडर, ड्रायव्हर मुरला!"

पुढचे काही दिवस ते जिता कॅमेरा घेऊन दगडावर बसले. बाजाराच्या दिवशी चादर लागली. पोरी उभ्या आहेत, गाडी येते, थांबते, ड्रायव्हर खेकसतो, पोरी चढतात, गाडी जाते. पुन्हा तेच. फाटा रिकामा दिसतो, मागं बघणारं कुणी उरत नाही. कुणी हसलं नाही, कुणी भांडलं नाही. कोमलचा चुलता शेवटी कंटाळून म्हणाला, "मामू, ह्याच्यात काय हाय? हे तर रोजचंच हाय."

पडद्याकडे पाठ करून बसलेल्या मामूंच्या चेहऱ्यावर मी एवढा आनंद कधी पाहिला नव्हता. त्यांनी चुलत्याला दोनदा चहा पाजला.

आता दुकान बंद आहे. मामू लेकीकडे राहायला गेलेत आणि तिथल्या सोसायटीच्या नळावर जिता कॅमेरा घेऊन बसतात असं ऐकलंय. तिथल्या बायका अजून मुरलेल्या नाहीत. कोमल बारावी होऊन पुढं शिकते आहे. मेलेला कॅमेरा फाट्यावरच आहे. मध्ये सेनगावकडच्या एका गावातून पोरी तो मागायला आल्या होत्या, कारण त्यांच्याही फाट्यावर पंजा फिरतो. आम्ही दिला नाही. आमच्याकडे एकच आहे.

म्हणून मागणं तुमच्याकडे आहे. माळ्यावर बघा. लग्नाच्या कॅसेटच्या जमान्यातला एखादा मोठा, बंद पडलेला कॅमेरा असेल तर भंगारवाल्याला देऊ नका. तुमच्या जवळच्या फाट्यावर न्या, डब्यात माती ठोकून उभा करा आणि एक डोळा मिटून मागं थांबा. पोट आत घेऊ नका. तुमच्याकडे कुणी बघणार नाही. पण गाडी थांबल्याशिवाय हलू नका.